त्या मोर्चात मारुती ८०० कशी?

प्रश्न : ताई, मी काही वर्षं संकलन सहायक म्हणून काम करतेय. आता पहिल्यांदाच एका माहितीपटाच्या आर्काइव्ह फुटेजची सगळी जबाबदारी माझ्यावर आली आहे. विषय मुंबईतला १९८२ चा गिरणी संप. माझे आजोबा गिरणीच्या साचेखात्यात (विणकामाच्या विभागात) होते, त्यामुळे विषय घरचाच. पण त्या दिवसांचं चित्रीकरण मिळतच नाहीये. निर्माते म्हणतात, यूट्यूबवरून घे, दहा सेकंदांच्या आत वापरलं की कॉपीराइट लागत नाही. आणि मोर्चा तो मोर्चा, कुठलाही लाव, कोणाला कळतंय. मला एक क्लिप सापडली आहे, तिची लिंक सोबत पाठवते. आमच्या चाळीत पूर्वी लग्नाचे फोटो काढणारे एक काका आहेत. त्यांच्याकडे सुपर ८ ची, म्हणजे घरगुती कॅमेऱ्यातल्या छोट्या फिल्मची, चार रिळं आहेत आणि त्यात संपाचे दिवस आहेत असं ते सांगतात. शिवाय जुनं फुटेज एआयने स्वच्छ आणि रंगीत करून घ्यायचं ठरतंय. दीड महिन्यात फाइन कट (जवळजवळ अंतिम संकलन) द्यायचा आहे. कुठून सुरुवात करू?
– लालबागची एक वाचक

अगं, तू पाठवलेल्या क्लिपपासूनच सुरुवात करू या. ‘गिरणी कामगार मोर्चा १९८२’ असं नाव देऊन कोणीतरी ती चढवली आहे. मी आवाज बंद करून, एकेक फ्रेम पुढे सरकवत ती पाहिली. लाल बावटे आहेत, वर उठलेल्या मुठी आहेत, मागे गिरणीची चिमणी आहे. सगळं पटण्यासारखं. पण कॅमेरा डावीकडे वळतो तेव्हा पोलिसांच्या व्हॅनमागे एक पांढरी गाडी दिसते. अर्ध्या सेकंदाचाच खेळ आहे, पण तिथे थांबव आणि नीट बघ. ती मारुती ८०० आहे. पहिली मारुती ८०० गिऱ्हाइकाच्या हातात पडली १४ डिसेंबर १९८३ ला. संप सुरू झाला १८ जानेवारी १९८२ ला. तेव्हा हा मोर्चा १९८२ मधला नाही, एवढं नक्की.

याचा अर्थ क्लिप टाकून द्यायची असा नाही. तो संप रीतसर मागे घेतलाच गेला नाही. पुढे कितीतरी वर्षं कामगार थकलेल्या देण्यांसाठी, बंद गिरण्या उघडाव्यात म्हणून, घरांसाठी रस्त्यावर उतरत राहिले. हा त्यातलाच एखादा मोर्चा असू शकेल. तो कुठला ते शोधून काढलंस तर तुझ्या माहितीपटात त्याला हक्काची जागा आहे. फक्त ती जागा १८ जानेवारीच्या निवेदनाखाली नाही.

आर्काइव्हच्या कामात मला सगळ्यात महत्त्वाची वाटते ती हीच गोष्ट. शॉट दिसायला कसा आहे हे नंतर. आधी तो कोणत्या दिवसाचा, कोणत्या जागेचा, कोणी आणि कशासाठी घेतलेला, हे माहीत हवं. डब्यावरची चिठ्ठी, फाइलचं नाव, अपलोड करणाऱ्याने दिलेलं शीर्षक, हे सगळे दुसऱ्याचे शब्द आहेत. चित्रातला पुरावा तुझा तू शोधायचा. रस्त्यावर ट्राम दिसली तर ते दृश्य ३१ मार्च १९६४ च्या अलीकडचं नाही, कारण त्या दिवशी मुंबईतली शेवटची ट्राम धावली. लोकांच्या हातात छत्र्या असतील तर जानेवारी विसर. भिंतीवरच्या निवडणुकीच्या घोषणा, दुकानांच्या पाट्या, थिएटरवरचं पोस्टर, सगळं वाच. लालबागच्या भारतमाता थिएटरवर कुठला सिनेमा लागलाय हे एका फ्रेममध्ये जरी वाचता आलं, तरी तारीख काही आठवड्यांच्या आत येते. रंगाचाही विचार कर. आपल्याकडे टीव्हीवर रंग आले ते १९८२ मध्येच, पण संप सुरू झाल्यानंतर काही महिन्यांनी. जानेवारीतलं म्हणून कोणी दूरदर्शनचं रंगीत प्रक्षेपण हातात ठेवलं तर लगेच शंका घे. परदेशी वाहिनीने किंवा एखाद्या स्वतंत्र कॅमेरामनने फिल्मवर रंगीत घेतलेलं असू शकतं. मग त्याचा माग तिकडे काढायचा. एकमेकांवर अवलंबून नसलेले दोन पुरावे जुळेपर्यंत निवेदनात तारीख घालायची नाही, असा नियम स्वतःला घालून घे.

आवाजाचंही तेच. जुन्या वृत्तपटांचं चित्रीकरण बहुतेक वेळा मुकं असायचं आणि गर्दीचा गलका, घोषणा, बँड हे सगळं नंतर साठवणीतल्या आवाजांतून चढवलं जायचं. तुझ्या क्लिपमध्ये घोषणा ऐकू येतात, पण समोरच्या माणसांचे ओठ त्यांच्याशी जुळत नाहीत. तो आवाज त्या मोर्चाचा आहे हे धरून चालू नकोस.

आता ‘मोर्चा तो मोर्चा’ या म्हणण्याकडे येते. निर्माते वाईट बोलताहेत असं नाही, धंद्यात हे रोज होतं. पण याची किंमत पुढे कोण मोजतं ते बघ. १९१६ मध्ये फ्रान्समधल्या सोमच्या लढाईवर ब्रिटनमध्ये एक लांबलचक युद्धपट निघाला. त्यात सैनिक खंदकातून वर चढून हल्ल्याला निघतात आणि एक-दोघे तिथेच कोसळतात, असं दृश्य आहे. ते दृश्य आघाडीपासून दूर, रचून घेतलेलं आहे, यावर अभ्यासकांचं आज बऱ्यापैकी एकमत आहे. तरीही शंभर वर्षं पहिल्या महायुद्धावरच्या माहितीपटांतून ते खरा हल्ला म्हणून फिरत राहिलं. एकाने लावलं, दुसऱ्याने त्याच्यावरून उचललं. तुझा माहितीपट उद्या कोणाचं तरी आर्काइव्ह होणार आहे. त्यात चुकीचा मोर्चा १९८२ म्हणून बसला तर पुढची मुलगी तुझा हवाला देऊन तोच वापरेल.

शिवाय तुझा प्रेक्षक कोण आहे? ‘कोणाला कळतंय’ हे लालबाग-परळमध्ये चालत नाही गं. त्या अडीच लाख कामगारांतले कित्येक अजून आहेत, त्यांची मुलं आहेत. कुठल्या गिरणीच्या गेटवर कोण उभं होतं हे त्यांना तोंडपाठ आहे. आपला बाप पडद्यावर शोधायला बसलेल्या माणसाला दुसऱ्याच मोर्चातली माणसं दाखवायची, हे मला कुठल्याही डेडलाइनसाठी पटत नाही.

निर्मात्यांशी वाद घालण्यापेक्षा त्यांना उपाय दे. बऱ्याचदा चित्र न बदलता निवेदन बदललं की काम होतं. ‘१८ जानेवारीला कामगार रस्त्यावर आले’ या वाक्याखाली ही क्लिप खोटी आहे. ‘पुढची कितीतरी वर्षं कामगार रस्त्यावर येत राहिले’ या वाक्याखाली, ती गिरणी कामगारांचीच आहे हे पक्कं झाल्यावर, खरी आहे. तारीख लागलीच नाही आणि काळ मात्र ठरला, तर पडद्यावर तसं लिही: ‘संग्रहित दृश्य, १९८० चं दशक’. बातम्यांत ‘फाइल व्हिज्युअल्स’ची पट्टी याचसाठी येते. प्रेक्षक त्याने बिचकत नाही, उलट बाकीच्या दृश्यांवर त्याचा विश्वास बसतो.

यूट्यूब आणि दहा सेकंदांबद्दल. असा नियम आपल्या कायद्यात कुठेही नाही. दहा सेकंद नाही, तीस सेकंद नाही, ‘क्रेडिट दिलं की चालतं’ असंही नाही. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२ मध्ये रास्त वापराची सवलत आहे, पण ती खासगी वापर आणि संशोधन, टीका किंवा समीक्षा, आणि चालू घडामोडींचं वृत्तांकन यांच्यापुरती. तू एखाद्या जुन्या वृत्तपटाचीच चिकित्सा करत असशील, त्याने संप कसा दाखवला हे उलगडून दाखवत असशील, तर त्या सवलतीचा आधार मागता येईल आणि तेव्हाही वकिलाला दाखवूनच. निवेदनाखाली दृश्य हवं म्हणून उचललेला शॉट त्यात बसवणं अवघड आहे. ब्रिटिश पाथे या जुन्या वृत्तपट कंपनीने २०१४ मध्ये त्यांच्याकडचे सुमारे ८५,००० वृत्तपट यूट्यूबवर ठेवले. ते बघायला मोकळे आहेत, वापरायला परवाना लागतोच. चढवणारा माणूस तर बहुतेक वेळा मालकच नसतो. त्याची ‘खुशाल वापरा’ अशी कमेंट म्हणजे परवानगी नव्हे.

चित्रपटाचा कॉपीराइट आपल्याकडे प्रदर्शनानंतरच्या वर्षापासून ६० वर्षं चालतो. १९६० मध्ये प्रदर्शित झालेला वृत्तपट १ जानेवारी २०२१ ला मोकळा झाला. १९८२ मधला २०४३ उजाडल्याशिवाय होणार नाही. आणि मोकळा झाला तरी त्याची चांगली प्रत ज्या संग्रहाकडे आहे तो प्रत देण्याचे पैसे घेतोच. त्यातल्या गाण्याचे हक्क तर वेगळेच चालू असतात.

तेव्हा रीतसर दारं ठोठाव. पहिलं दार दूरदर्शनच्या संग्रहाचं. त्या काळात दुसरी वाहिनीच नव्हती आणि मुंबई केंद्र १९७२ पासून चालू होतं. दुसरं पेडर रोडच्या फिल्म्स डिव्हिजनचं. १९४८ पासूनचे सरकारी वृत्तपट आणि माहितीपट तिथले. ती संस्था आणि पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आता एनएफडीसीच्या (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाच्या) छत्राखाली आहेत, त्यामुळे पत्र कोणत्या विभागाच्या नावाने जायला हवं ते आधी फोन करून विचार. परदेशी वृत्तसंस्थांचे संग्रह ऑनलाइन शोधता येतात. तिथे ‘मिल स्ट्राइक’ एवढंच टाकून थांबू नकोस. ‘बॉम्बे’, ‘टेक्स्टाइल’, संपाचे नेते दत्ता सामंत यांचं नाव इंग्रजीत जितक्या तऱ्हांनी लिहिलं जाऊ शकतं तितक्या तऱ्हा, सगळं टाकून बघ. त्या वेळच्या टंकलेखकाने जे ठोकलं तेच आज कॅटलॉगमध्ये आहे.

पत्रात दर विचारताना चार गोष्टी स्पष्ट लिही: किती सेकंद, कोणत्या माध्यमांसाठी, कोणत्या देशांसाठी, किती वर्षांसाठी. या चौथ्या गोष्टीकडे लोक दुर्लक्ष करतात. अमेरिकेतल्या नागरी हक्कांच्या लढ्यावरची ‘आइज ऑन द प्राइझ’ ही मालिका १९८७ मध्ये पहिल्यांदा दाखवली गेली. त्या विषयावर तिच्या तोडीचं काम क्वचितच झालं असेल. पण फुटेज, फोटो आणि गाण्यांचे परवाने ठरावीक वर्षांचे होते. १९९० च्या दशकात ते संपले आणि मालिका दाखवता येईना, विकता येईना. नव्याने निधी उभा करून परवाने पुन्हा मिळवल्यावर २००६ मध्ये ती परत टीव्हीवर आली. मधल्या काळात मोठी झालेली मुलं तिला मुकली. तुमच्याकडे आज पैसे नसतील तर महोत्सवांपुरता परवाना घ्या, पण टीव्ही आणि ओटीटीसाठी पुढे किती पडतील तो आकडा आत्ताच लेखी घ्या. फिल्म गाजल्यावर विचारलंत तर दर गाजल्याचा लागतो.

आणि काम करताना वॉटरमार्क असलेला, टाइमकोड (प्रत्येक फ्रेमची वेळ) दिसणारा स्क्रीनर, म्हणजे नुसती बघण्यापुरती प्रत, मागून त्यावरच कट कर. मास्टर, म्हणजे पूर्ण दर्जाची स्वच्छ प्रत, शेवटी, जेवढे शॉट राहिले तेवढ्याचीच. त्यासाठी पहिल्या दिवसापासून लॉगशीट ठेव: संग्रहाचं नाव, रीळ किंवा टेप क्रमांक, मूळ टाइमकोड, तुझ्या कटमधला टाइमकोड, तारखेचा पुरावा, परवान्याची स्थिती. फाइलचं नाव ‘morcha_final_2’ छापाचं असू नये म्हणून टाइमलाइनवरही संग्रहाचा क्रमांकच ठेव. सहायक बदलला, ड्राइव्ह बदलली तरी शॉटची ओळख हरवता कामा नये.

आता काकांची रिळं. तुझं पत्र वाचताना मी इथेच सगळ्यात जास्त थांबले. दीड महिन्यातलं पहिलं काम हे कर, आजच.

सुपर ८ बहुतेक वेळा रिव्हर्सल फिल्म असायची. म्हणजे कॅमेऱ्यातून गेली तीच फिल्म धुऊन प्रोजेक्टरवर चढायची. निगेटिव्ह नाही, दुसरी प्रत नाही. काकांच्या कपाटात आहे तेवढंच जगात आहे. ५० फुटांचं एक रीळ सेकंदाला १८ फ्रेम्सने तीन मिनिटं वीस सेकंद चालतं, चार मिळून तेरा-सव्वातेरा मिनिटं. कोणी कितीही आग्रह केला, काकांनी स्वतः केला, तरी ती जुन्या प्रोजेक्टरवर लावू नका. सुकून आखडलेल्या फिल्मची भोकं दात्यांवर बसत नाहीत आणि ती फाटते. डबा उघडून वास घे. व्हिनेगरसारखा आंबूस वास आला तर फिल्मचा पाया कुजायला लागलाय, मग एक दिवसही घालवू नकोस. पांढरट जाळी दिसली तर ती बुरशी, मुंबईच्या दमटपणाची देणगी. ती फडक्याने पुसायची नाही. प्लास्टिकच्या पिशवीत घट्ट बांधून ठेवायची नाही, फ्रीजमध्ये टाकायची नाही. कागदी पाकिटात, कोरड्या जागी ठेव आणि फ्रेम-बाय-फ्रेम स्कॅन करणाऱ्या लॅबला दे. भिंतीवर पाडून मोबाइलने शूट करणाऱ्याला नको. स्कॅन एकदाच होईल असं धरून, परवडेल तितक्या चांगल्या दर्जाचं करून घे.

रिळं लॅबला जाण्याआधी प्रत्येक डब्याचा, पाकिटाचा, आतल्या चिठोऱ्यांचा फोटो काढ. पाकिटावर धुलाईची तारीख किंवा शिक्का असेल तर तो तुझा सगळ्यात मोठा पुरावा. स्कॅन आल्यावर काकांना शेजारी बसवून ते दाखव आणि त्यांचं बोलणं रेकॉर्ड कर. हा कोण, ही कुठली गल्ली, कॅमेरा कुठून आणला, हे का घेतलं, तिथे कोणी अडवलं का. सलग एकदा बघू दे, मग थांबवत थांबवत. हक्काच्या दृष्टीने, त्यांनी स्वतःसाठी स्वतः शूट केलं असेल तर मालक तेच. कोणाचं काम म्हणून पैसे घेऊन केलं असेल तर ते विचारून घे. साध्या मराठीत परवानगीपत्र कर: काय, कशासाठी, किती वर्षं, किती मोबदला. हो, मोबदला. मोठ्या संग्रहाला सेकंदावर पैसे मोजायचे आणि चाळीतल्या माणसाला फक्त ‘विशेष आभार’, असं करू नका. स्कॅनची एक प्रत त्यांची, आणि ते तयार असतील तर मूळ रिळं पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाकडे देण्याबद्दल त्यांच्याशी बोल.

हे एवढं सांगतेय त्याला कारण आहे. सावेदादांनी, म्हणजे छायाचित्रकार हरिश्चंद्र भाटवडेकरांनी, १९०१ मध्ये गणितज्ञ रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले तेव्हाचं मुंबईतलं स्वागत चित्रित केलं. आपल्या माणसाने आपल्या देशात घेतलेलं ते अगदी सुरुवातीचं वृत्तचित्रण. आज त्याचा एक फूटही उरलेला नाही.

तांत्रिक बाजूचं थोडक्यात सांगते, कारण ते तू संकलनात शिकली आहेस. जुनं चार-तीन प्रमाणाचं चित्र ओढून आजच्या रुंद सोळा-नऊमध्ये बसवू नकोस, माणसं बुटकी आणि रुंद होतात. वरून-खालून कापलंस तर चित्राचा पाव भाग जातो आणि मोर्चाच्या शॉटमध्ये नेमके वरचे फलक उडतात, ज्यांवर मागणी आणि कधी कधी तारीख लिहिलेली असते. दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या राहू देत. टेपवरून आलेलं असेल तर डी-इंटरलेस नीट करून घे, म्हणजे हालचालीत आडव्या रेघा दिसणार नाहीत. काकांचं फुटेज १८ फ्रेम्सचं आहे की २४ चं हे लॅबला विचार, नाहीतर सगळे तुरुतुरु चालताना दिसतील.

एआयबद्दल माझं मत पक्कं आहे. धूळ, ओरखडे, थरथर काढायला, उडालेला रंग सावरायला हरकत नाही. पण मोठं आणि स्पष्ट करणारं सॉफ्टवेअर नसलेला तपशील स्वतः रचतं. दूरच्या गर्दीतल्या धुरकट चेहऱ्याला ते नाक-डोळे देतं आणि ते कोणाचेच नसतात. तुझे आजोबा त्या गर्दीत असतील तर त्यांच्या जागी तुला एक अनोळखी माणूस मिळेल. कृष्णधवल बावट्याला लाल रंग देणं सोपं वाटतं, पण तो बावटा लालच होता हे कुठे सिद्ध झालंय? त्या आंदोलनात वेगवेगळ्या संघटना होत्या, त्यांचे झेंडे वेगळे होते. अमेरिकेतल्या आर्काइव्हल प्रोड्यूसर्स अलायन्सने २०२४ मध्ये माहितीपटांतल्या एआयच्या वापरासाठी मार्गदर्शक तत्त्वं काढली. त्यांचा भर प्रेक्षकाला उघड सांगण्यावर आहे. माझ्या मते तुमच्या फिल्ममध्ये एआयने असं काही रचून घ्यायची गरजच नाही.

एवढं करूनही भोकं राहतील. तू म्हणतेस फुटेज मिळत नाही. सगळं कधीच मिळत नसतं. जिथे कॅमेरा होता तिथलंच चित्र आहे आणि कॅमेरा कुठे जाणार हे कोणीतरी ठरवत होतं. इंग्रज सरकारचा युद्धकाळातला वृत्तपट विभाग १९४६ मध्ये बंद झाला आणि फिल्म्स डिव्हिजन उभी राहिली १९४८ मध्ये, त्यामुळे १५ ऑगस्ट १९४७ आपण बरचसं खासगी आणि परदेशी कॅमेऱ्यांतून पाहतो. संपात कॅमेरे सभांना गेले, गेटवर गेले. कामगारांना जेवू घालणाऱ्या खाणावळवाल्या बायकांकडे महिनोन् महिने उधारी थकली, त्यांच्या स्वयंपाकघरात कोण गेलं? दागिने गहाण टाकताना, मुलाचं नाव शाळेतून काढून गावी पाठवताना कोणी शूट केलं? ते तुला संग्रहात सापडणार नाही आणि त्याच्या जागी दुसऱ्या कुठल्या गरीब बाईचा रडका क्लोजअप लावू नकोस. उधारीची वही मिळते का बघ, गावाहून आलेली पत्रं मिळतात का बघ, त्या बायकांचा आवाज आजच्या गल्लीच्या दृश्यावर ऐकव. पडदा काही सेकंद काळा ठेवून नुसता आवाज ऐकवलास तरी चालेल.

निर्मात्यांशी उद्याच बोल, आणि बोलताना कागद हातात ठेव: रिळांच्या स्कॅनचा खर्च, दोन संग्रहांचे दर, आणि त्या मारुतीच्या फ्रेमचा प्रिंट. दूरदर्शनला आणि एनएफडीसीला पत्रं याच आठवड्यात जाऊ देत, उत्तरं यायला वेळ लागतो. फाइन कटमध्ये तोवर स्क्रीनर किंवा ‘इथे दृश्य येणार’ अशी पाटी चालते. परवाना आला नाही तर त्या जागी काय जाईल हेही आत्ताच लॉगशीटच्या शेवटच्या रकान्यात लिहून ठेव.